अर्धापुरातून समुद्रावरचा माहितीपट कसा काढावा

(नवशिक्यांसाठी पायरी-पायरीने मार्गदर्शन)

ही मार्गदर्शिका कुणासाठी?

ज्यांच्या गावापासून समुद्र रेल्वेने निदान एका रात्रीवर आहे, ज्यांनी हप्त्यावर कॅमेरा घेतला आहे, हळदी-लग्नांचे आणि पुढाऱ्यांच्या वाढदिवसांचे व्हिडिओ काढून ज्यांचा हात बसला आहे पण मन बसलेलं नाही, आणि ज्यांना आता ‘काहीतरी खरंखुरं’ करायचं आहे, अशा सर्वांसाठी. खरंखुरं म्हणजे नेमकं काय, असं विचारलं की ही मंडळी लांब कुठेतरी बघतात. अर्धापुरात लांब बघितलं तर केळीच्या बागा दिसतात. त्या रोजच्याच असल्यामुळे खऱ्या वाटत नाहीत, म्हणून मग समुद्राचं नाव निघतं.

आपण काढणार आहोत तो निरीक्षणाचा माहितीपट. त्यात मुलाखत नाही, निवेदन नाही, पार्श्वसंगीत नाही, आणि ‘काका, जरा परत एकदा जाळं ओढा’ हेही नाही. माणसं आपलं काम करतात, तुम्ही बघता, कॅमेरा चालू असतो. ऐकायला सोपं वाटतं, कारण ही सगळी यादी काय करायचं नाही याचीच आहे. अडचण एवढीच की लग्नाच्या शूटिंगमध्ये तुम्ही आजवर जे जे शिकलात ते सगळं याच यादीत येतं.

साहित्य

हलका कॅमेरा एक. चांगला माइक एक, आणि त्याला वाऱ्यापासून वाचवणारं केसाळ टोपरं. बॅटऱ्या भरपूर, कारण समुद्रात चार्जर लावायला जागा शोधणं म्हणजे बोट चालवणाऱ्या तांडेलाच्या डोक्यावर बसणं. सिलिका जेलच्या पुड्या. नव्या चपलांच्या खोक्यातल्या आजवर फेकून दिल्या असतील तर हळहळा. भिंगावरचं खारं पाणी पुसायला मऊ फडकी. लाइफ जॅकेट. उलटीच्या गोळ्या. संयम, पाव किलो जास्तच घ्यावा. किनारा सोडल्यावर तो मिळत नाही.

न घेण्याच्या वस्तू: ट्रायपॉड (बोट हलते), स्लायडर (बोट स्वतःच स्लायडर आहे), आणि ‘दर्याचा राजा’ हे आधीच ठरवून ठेवलेलं शीर्षक.

पायरी १ : घरी सांगणे

हे काम शूटिंगपेक्षा अवघड असल्यामुळे आधी उरकावं. संवाद साधारण असा होतो.

“कुठं चाललास?”

“मुंबईला, बापू. समुद्रावर फिल्म काढायची हाय.”

“हिरो कोण?”

“हिरो नसतोय त्यात. खलाशी असतेत ना, त्यांचं काम दाखवायचं.”

“ते काय करतेत?”

“मासे धरतेत.”

“अन् तू?”

“मी बघणार.”

“बघायचे किती देतेत?”

शेवटच्या प्रश्नाला उत्तर देऊ नये. भारतातल्या भल्याभल्या माहितीपटकारांनीही दिलेलं नाही. त्याऐवजी विषय शेतीकडे वळवावा. महाराष्ट्र सरकारने एप्रिल २०२५ मध्ये मत्स्यव्यवसायाला कृषीचा दर्जा दिला. म्हणजे सरकारदरबारी कोळी आता शेतकऱ्याच्या पंगतीला बसला आहे, आणि तुम्ही शेतीवरच फिल्म काढताय. फक्त शिवार ओलं आहे आणि बांध कोरायची सोय नाही. हा युक्तिवाद बापूंना पटणार नाही, पण ते विचार करत असताना बॅग भरता येते.

पायरी २ : आधीच्यांनी काय करून ठेवलंय ते बघणे

नवशिक्याला वाटतं, आपणच पहिले. तो गैरसमज दोन-चार संध्याकाळींत दूर करता येतो.

सुरुवात घरापासून करा. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी लंडनहून कॅमेरा मागवला आणि १८९९ साली मुंबईत हँगिंग गार्डनजवळची एक कुस्ती चित्रित केली. पुढे १९०१ मध्ये रँग्लर परांजपे विलायतेहून परतले, तो प्रसंगही त्यांनी टिपला. मराठी माणसाने हा यंत्राचा डोळा हातात घेतला तो गोष्ट रचायला नव्हे, समोर घडतंय ते बघायला. दादासाहेब फाळक्यांनीही ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी, १९१२ मध्ये, कुंडीतल्या वाटाण्याचं रोप कसं वाढतं ते थोडंथोडं टिपून पडद्यावर आणलं आणि ते दाखवून भांडवल उभं केलं. सावकाराला वाटाणा दाखवून पैसे मिळाले, ही गोष्ट अर्धापूरच्या कुठल्याही कास्तकाराला सांगून बघा. तो तुम्हाला बसायला देईल आणि मग सावकाराचा पत्ता विचारेल.

आता समुद्र. जॉन ग्रिअर्सन या स्कॉटिश गृहस्थाने १९२९ मध्ये ‘ड्रिफ्टर्स’ काढला. उत्तर समुद्रातले हेरिंग मासे, ते धरणारी माणसं, वाफेची बोट, जाळं, बाजार. तोवर इंग्रजी पडद्यावर मजूर यायचा तो बहुतेक हसवायला. इथे तो काम करताना दिसला. लंडनच्या फिल्म सोसायटीत हा मूकपट आयझेनस्टाइनच्या ‘बॅटलशिप पोटेमकिन’सोबत दाखवला गेला आणि तरी लोकांच्या लक्षात राहिला. मात्र त्यातले पाण्याखालचे मासे समुद्रात नव्हे, प्रयोगशाळेच्या हौदात चित्रित झाले होते. तेव्हा हौदाचा मोह तुम्हालाही होणार, घराण्यातच आहे.

त्याहून मोठा मोह रॉबर्ट फ्लाहर्टीला झाला. ‘मॅन ऑफ अ‍ॅरन’ (१९३४) मध्ये आयर्लंडच्या किनाऱ्यापलीकडच्या बेटावरची माणसं लहानशा होडीतून अवाढव्य शार्कची शिकार करतात. दृश्य अंगावर येतं. वस्तुस्थिती अशी की ती शिकार त्या बेटावर कधीच बंद पडली होती. तिथल्या माणसांना ती फिल्मसाठी नव्याने शिकवावी लागली. पडद्यावरचं आई-बाप-मुलाचं कुटुंबही जमवलेलं होतं. त्याच वर्षी या फिल्मला व्हेनिसमध्ये सर्वोत्तम परदेशी चित्रपटाचा मुसोलिनी चषक मिळाला. निष्कर्ष: खोटं काढलं तर पारितोषिक मिळतं, पण देणाऱ्याचं नाव नीट वाचून घ्यावं.

दुसऱ्या टोकाला ‘लेव्हायथन’ (२०१२). लुसिएन कास्टाँ-टेलर आणि व्हेरेना पॅराव्हेल या दोघांनी अमेरिकेतल्या न्यू बेडफर्डहून निघणाऱ्या मासेमारी बोटीवर तळहाताएवढे कॅमेरे खलाशांच्या अंगावर बांधले, काठ्यांना लावले, पाण्यात बुडवले, मेलेल्या माशांच्या ढिगात सोडले. ८७ मिनिटं. कोण बोलतंय कळत नाही, वर काय खाली काय कळत नाही, शेवटी समुद्राचीच बाजू पटू लागते. घरच्यांबरोबर बघू नये. बघितलाच तर जेवणाआधी.

आणि आता आपल्याकडे या. मुंबईच्या ‘कॅम्प’ या कलाकार गटाने २०१३ मध्ये ‘फ्रॉम गल्फ टू गल्फ टू गल्फ’ पुढे आणला. कच्छच्या आखातातून अरबी आखाताकडे आणि एडनच्या आखाताकडे माल नेणाऱ्या लाकडी गलबतांवरचे खलाशी आपापल्या मोबाइलवर व्हिडिओ काढत, त्यांना गाणी लावत आणि एकमेकांना देत. फिल्म बरीचशी त्यांतूनच उभी राहिली. आनंद पटवर्धनांनी १९९८ मध्ये ‘फिशिंग: इन द सी ऑफ ग्रीड’मध्ये परदेशी कारखाना-बोटींविरुद्ध उभ्या राहिलेल्या मच्छीमारांचा लढा दाखवला. आणि सर्वनिक कौर यांचा ‘अगेन्स्ट द टाइड’: मुंबईतले दोन कोळी, एकमेकांचे जिवलग. एक बापजाद्यांच्या रीतीने किनाऱ्यालगत मासे धरणारा, दुसरा स्कॉटलंडला शिकून आलेला, खोल समुद्रात मोठी बोट नेणारा आणि कर्जात रुतलेला. २०२३ मध्ये सनडान्स महोत्सवात या फिल्मला नेमकं निरीक्षणशैलीसाठीचं विशेष ज्युरी पारितोषिक मिळालं. त्यात समुद्र आहेच, पण लक्षात राहतात ती दोघांची बोलणी: मासे कमी झालेत, आता काय करायचं?

ही फिल्म पाहून झाल्यावर एक वाक्य वहीत लिहून ठेवा, पुढच्या सगळ्या पायऱ्या त्यावर उभ्या आहेत: *समुद्र फुकट मिळतो, काम मिळवावं लागतं.* लाटेकडे कॅमेरा धरला की लाट येते. माणूस मात्र तुमच्यासमोर खरं काम करायला लागेपर्यंत दिवस जातात.

पायरी ३ : केळीच्या बागेत सराव

आता तुम्ही ‘समुद्र कुठाय?’ असं विचारणार. थांबा. बघायला येत नाही तोवर समुद्र बघण्यात अर्थ नाही, आणि बघायला शिकण्याची सोय अर्धापुरात बारा महिने आहे.

बाग कापणीला आली की एखाद्या टोळीबरोबर पहाटे जा. पहिला तास सगळे तुमच्याकडेच बघतील. “पेपरात येणार का?” असं विचारतील. एक जण गॉगल घालील. दुसरा विळा कॅमेऱ्यासमोर उगाच फिरवील. हा सगळा तास टाकून द्यायचा असतो, पण कॅमेरा बंद करायचा नसतो. बंद केलात तर उद्या पुन्हा हाच तास. मग ते तुम्हाला कंटाळतात. तो कंटाळा हाच तुमचा परवाना. त्यानंतर घडतं ते असं:

एक जण खोडाला अर्धा घाव घालतो. झाड एकदम पडू नये, हळूच वाकावं, एवढाच तो घाव. घड खाली येतो तो दुसऱ्याच्या खांद्यावर. खांद्यावर घडी केलेलं पोतं, पोत्याखाली चिकाने काळा पडलेला सदरा. तो सदरा आता कापणीचाच; त्याने लग्नाला जाता येत नाही. घड घेतलेला माणूस पाटाच्या चिखलातून न घसरता बांधापर्यंत येतो आणि टेकवताना घडाचा एकही कोपरा जमिनीला आपटू देत नाही. आपटलेलं केळं आज हिरवंगार दिसतं आणि चार दिवसांनी व्यापाऱ्याच्या फोनमध्ये काळं दिसतं. मग फण्या सुटतात, तुरटीच्या पाण्याच्या टाकीत तरंगतात, बाया त्या पुसतात, डागाळलेल्या बाजूला काढतात, खोक्यात फोम घालून नेमक्या वजनाच्या भरतात. या सगळ्या वेळात कुणीही कॅमेऱ्याला काही समजावून सांगितलेलं नाही, आणि तरी तुम्हाला सगळं समजलं. समजलं नसेल तर उद्या परत जा.

सावधान: केळीच्या पानावर दवाचा थेंब दिसला आणि तुम्ही त्यावर फोकस लावलात, तर तेवढ्यात इकडे घड उतरलेला असतो. दवबिंदूचं वेड बागेतच उतरवून घ्यावं. समुद्रावर दवबिंदूची जागा सूर्यास्त घेतो आणि तिथे तो रोज येतो.

पायरी ४ : प्रस्थान

अर्धापूरहून नांदेड गाठा आणि मुंबईची देवगिरी एक्सप्रेस पकडा. आपल्या मुलखाचं आणि पाण्याचं नातं रेल्वेचंच आहे: एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून लातूरला पाणी आलं ते ‘जलदूत’ गाडीने, पहिल्या खेपेला दहा वाघिणी, सुमारे पाच लाख लिटर. तेव्हा पाणी रेल्वेने आपल्याकडे आलं, आता आपण रेल्वेने पाण्याकडे जातोय. हे वाक्य फिल्मच्या निवेदनासाठी फार छान आहे. म्हणूनच निवेदन ठेवायचं नाही.

दिवस निवडताना काळजी घ्या. १ जून ते ३१ जुलै राज्यात यांत्रिक बोटींना मासेमारीबंदी असते, कारण हा माशांच्या विणीचा काळ. नवशिका नेमका जूनमध्ये निघतो, कारण कॉलेजला तेव्हा सुट्टी. मग त्याला किनाऱ्यावर उलथ्या होड्या, रंगकाम आणि जाळी विणणारी माणसं दिसतात. हेही काम आहे आणि काढण्यासारखं आहे, पण त्याला समुद्रावरचं म्हणता येत नाही.

मुंबईत उतरल्या उतरल्या मरीन ड्राइव्हला जाऊ नका. तिथे समुद्र आहे, काम नाही. पहाटे कुलाब्याच्या ससून डॉकला किंवा भाऊच्या धक्क्याला पोचा. ससून डॉक १८७५ चा. बांधला तेव्हा कापसाच्या व्यापाराचा दिमाख होता, आज पाट्यांतून कोळंबी वाहते. अंधारात बोटी लागलेल्या, बर्फ फुटतोय, पाट्या डोक्यावरून चालल्यात, लिलाव एका भाषेत सुरू होऊन दुसऱ्या भाषेत तुटतोय. तुमच्या फिल्ममधला पहिला संवाद इथेच मिळेल, आणि तो तुम्हालाच उद्देशून असेल: “ए, बाजू हो!” बाजू व्हा. कुठे उभं राहायचं हे इतक्या थोडक्यात कुठलीच फिल्म संस्था शिकवत नाही.

पायरी ५ : बोट मिळवणे

बोटीचा मालक तो नाखवा, ती चालवणारा तांडेल, बाकीचे खलाशी. लहान होडीवर तिघेही एकाच घरातले असतात. मोठ्या ट्रॉलरवर नाखवा धक्क्यावर आणि खलाशी कुठले कुठले. रत्नागिरीकडच्या बोटींवर नेपाळचे खलाशीही भेटतात. डोंगरातला माणूस समुद्रात आलाय हे पाहिलं की केळीच्या बागेतून आल्याचं तुमचं कौतुक तुम्हीच आवरतं घ्याल.

परवानगीचा भाग गमतीवारी नेऊ नका. नोव्हेंबर २००८ चे हल्लेखोर ‘कुबेर’ नावाची मच्छीमार बोट ताब्यात घेऊन मुंबईपर्यंत आले आणि बधवार पार्कजवळच्या मच्छीमार वस्तीत उतरले. तेव्हापासून किनाऱ्यावर अनोळखी माणूस, त्यात त्याच्याकडे कॅमेरा, हे कुणी सहज घेत नाही. मच्छीमारांना ओळखपत्रं लागतात, बोटींची नोंद असते. तुम्हीही ओळखपत्र, पत्र आणि एखाद्या मच्छीमार सहकारी संस्थेची ओळख घेऊनच जा.

नाखवा तीन प्रश्न विचारेल. पोहता येतं का? उलटी होते का? मासे खाता का?

पहिल्याला अर्धापूरकराचं खरं उत्तर विहिरीपुरतं ‘हो’ असतं. दुसऱ्याचं उत्तर बोट निघाल्यावर कळतं. तिसरा प्रश्न आपल्या भागात सर्वांत नाजूक: गळ्यात माळ असेल तर बोट सुटण्याआधी सांगावं. बोटीवर चूल एक, कालवण एक, आणि जिथे गुडघाभर मासळीत उभं राहून सगळे राबतायत तिथे ‘मला फक्त वरण’ म्हणणाऱ्या माणसाची कीव केली जाते, आणि कीव केलेल्या माणसासमोर कुणी भांडत नाही. भांडण नसेल तर फिल्मही नाही.

भेट म्हणून गावची केळी न्यायला हरकत नाही. अमेरिकेतल्या मासेमारी बोटींवर केळं चढवणं अपशकुनी मानतात, त्यामुळे ‘लेव्हायथन’च्या बोटीवर तुमचं स्वागत झालं नसतं. इथे घड घेऊन धक्क्यावर उतरा. पहिली फणी जाईपर्यंत चार ओळखी झालेल्या असतात.

पायरी ६ : बोटीवर

पहिल्या फेरीत तुम्ही फिल्म काढणार नाही, ओकणार. हे वेळापत्रकात धरून ठेवा. आलं चघळा, नजर क्षितिजावर ठेवा, छोट्या पडद्यात बघत बसू नका. क्षितिजाकडे बघण्याची तुमची जुनी सवय इथे पहिल्यांदा उपयोगी पडते.

मग वेळ समजून घ्या. मुंबईच्या बाजूला डोल जाळं पिढ्यानपिढ्या चालत आलंय: मोठ्या तोंडाची, मागे निमुळती होत गेलेली पिशवी. तिचं तोंड पाण्याच्या ओढीसमोर राहतं, ओढीबरोबर मासळी आत जाते, आणि ओढ मंदावली की जाळं उचलायचं असतं. म्हणजे बोटीचं घड्याळ भरती-ओहोटीचं. ते रोज सुमारे पन्नास मिनिटांनी पुढे सरकतं. आज पहाटे तीनला उठलात तर आठवड्याने भलत्याच वेळी. उधाणाला ओढ जोरात, भांगाला कमी. हे शहरी माहितीपटकाराला समजायला दोन महिने लागतात. तुम्हाला लगेच समजेल, कारण थ्री फेज लाइट रात्री बाराला येतो की दोनला, आणि इसापूरच्या कालव्याची पाळी कधी सुटते, यावर ज्यांच्या घरची झोप चालते त्यांना दुसऱ्याच्या घड्याळावर जगणं नवं नाही. या एका बाबतीत तुम्ही ‘लेव्हायथन’वाल्यांच्याही पुढे आहात.

कॅमेरा कुठे धरायचा? हातांवर. जाळ्याच्या शेपटाची गाठ सुटते आणि सगळा माल फळीवर सांडतो: बोंबील, मांदेली, करंदी, जवळा, आणि त्यात प्लॅस्टिकच्या पिशव्या, कुणाचा तरी एक बूट, पाकिटं. चार जण उकिडवे बसतात. हात बघा. बोंबील उचलणारी बोटं वेगळी वागतात, कारण तो मऊ, कोळंबी चिमटीत, शिंगाळा आला की हात थबकतो, कारण त्याचा काटा विषारी. एक हात न बघता पिशव्या मागे फेकत असतो. कितीतरी वेळ कुणी बोलत नाही. मग एक जण दुसऱ्याला डिझेलचा भाव विचारतो आणि दुसरा उत्तर न देता शिवी देतो. नवशिका इथे कॅमेरा उचलून म्हाताऱ्या तांडेलाच्या सुरकुत्यांकडे वळवतो, कारण सुरकुत्यांना बक्षिसं मिळतात. वळवू नका. हिशेब फळीवर चाललाय.

आवाजाची गोष्ट वेगळी सांगायला हवी. डिझेल इंजिन सगळं गिळतं, वारा उरलेलं. म्हणून माइक माणसाच्या जवळ, केसाळ टोपऱ्यासकट. निरीक्षणाच्या माहितीपटांचा दादा फ्रेडरिक वाइजमन कॅमेरा दुसऱ्याच्या हाती देई आणि आवाज स्वतः टिपे. दिग्दर्शकाने माइक धरणं ही कल्पना आपल्याकडे पचायला जड आहे, कारण कॅमेऱ्यामागे नसलेल्या दिग्दर्शकाला घरचे दिग्दर्शक मानत नाहीत. तरी करून बघा. कान लावला की कुठे बघायचं ते आपोआप कळतं.

इंजिन बंद झालं की लगेच कॅमेरा सुरू करा. माणसं तेव्हाच बोलतात.

पायरी ७ : काय काढू नये

एलईडी दिव्यांच्या झोताने मासळी गोळा करून धरण्यावर केंद्र सरकारने २०१७ मध्ये बंदी घातली, कारण मोठी, लहान, पोटुशी सगळीच मासळी उजेडाकडे धावते. तरीही कर्जाचा हप्ता डोक्यावर असलेला माणूस रात्री काय करतो, हे तुमच्यासमोर घडू शकतं. दृश्य विलक्षण असतं: काळं पाणी, आत पांढरा उजेड, वर उसळणारी मासळी. कॅमेरा आपोआप वर येतो.

थांबून विचार करा. ते दृश्य तुम्हाला महोत्सवाला नेईल आणि त्याला पोलीस ठाण्यात. ‘चेहरा ब्लर करू’ हे उत्तर पुरत नाही. बोट तिच्या रंगावरून, खलाशी त्याच्या चालीवरून किनाऱ्यावर कुणीही ओळखतं. सर्वांत कठीण काम इथे आहे: बघायचं, समजून घ्यायचं, आणि त्याच्याशी बोलून ठरवायचं की हे ठेवायचं की नाही. त्याने ‘ठेव’ म्हटलं तरी त्याच्या बायकोला विचारायचं. दंड भरायला दागिने कुणाचे जातात, हे केळीवाल्यांच्या घरात वेगळं सांगावं लागत नाही.

पायरी ८ : संकलन

घरी परतल्यावर हार्ड डिस्क जोडा आणि सूर्यास्त एका फोल्डरमध्ये गोळा करा. फोल्डरला ‘नातेवाईक’ असं नाव द्या. त्यांना दाखवायला ते उपयोगी पडतील, फिल्मला नाही.

मग निवेदनाचा मोह येतो. आपल्या पिढ्यानपिढ्यांच्या कानात १९४८ पासूनच्या फिल्म्स डिव्हिजनचा आवाज बसलाय. सिनेमाआधी सक्तीने दाखवल्या जाणाऱ्या त्या रिळांत एक भारदस्त गृहस्थ देश कसा पुढे चाललाय ते सांगायचे आणि लोक तेवढ्यात शेंगदाणे आणायला जायचे. (ती संस्था २०२२ मध्ये एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळात विलीन झाली; आवाज मात्र अजून आपल्या डोक्यात आहे.) ‘अथांग सागराच्या लाटांशी झुंजणारा हा भूमिपुत्र…’ असं वाक्य तुमच्याकडूनही लिहिलं जाईल. लिहा, मोठ्याने वाचा, मग काढून टाका. समुद्रात भूमिपुत्र कुठून आला, एवढं विचारलं तरी पुरे.

फिल्मची लांबी किती? ज्या क्षणी तुमच्या बहिणीने, मोबाइल बाजूला ठेवून, “आता हा जाळं उचलल का राहू दील?” असं विचारलं, तिथून मागे-पुढे मोजा. तिला ओढ कळली म्हणजे भरती कळली.

नेहमीचे प्रश्न

*ड्रोन हवा का?* मुंबईच्या किनाऱ्यावर नौदल, बंदर आणि विमानतळ एकमेकांच्या शेजारी आहेत. ड्रोन तुम्ही उडवाल आणि उतरवून दुसराच कुणीतरी घेईल. शिवाय वरून बघितलं तर सगळ्या बोटी सुंदर दिसतात आणि एकही माणूस दिसत नाही.

*कोळीगीत लावू का?* बोटीवर कुणाच्या मोबाइलवर वाजत असेल तर चालेल. बहुधा भोजपुरी वाजत असतं. तेच ठेवा.

*खलाशी स्वतःच रील काढतात, मग माझी गरज काय?* प्रश्न रास्त आहे. त्याला नीट उत्तर सापडेपर्यंत त्यांच्या रील बघा. कुठल्या कामाचं त्यांना कौतुक वाटतं आणि कुठलं ते कधीच दाखवत नाहीत, ते कळेल. न दाखवलेलं काम बहुधा बायांचं निघतं: पहाटेचा लिलाव, पाटी, बाजारातली दिवसभराची बैठक, संध्याकाळची उधारी. मासा समुद्रात धरला जातो, पैसा तिथे होत नाही.

*समुद्रावर जाणं परवडलंच नाही तर?* तर अर्धापुरातच राहा आणि एका खोक्याचा माग घ्या. बागेत भरलेलं केळीचं खोकं शीतकंटेनरमध्ये चढतं, तेरा-चौदा अंश सेल्सिअसला गाढ झोपतं, न्हावा-शेव्याच्या बंदरातून आखाताकडे निघतं. जहाजावर कुणीतरी त्या कंटेनरचं तापमान तपासत असतो. पारा वर गेला तर केळी वाटेतच पिकतात, खाली गेला तर काळी पडतात. तो माणूस आणि तुमच्या गल्लीत खोकं भरणारी बाई एकाच कामाच्या दोन टोकांना आहेत आणि एकमेकांना ओळखत नाहीत. तिच्यापासून सुरुवात करायला तिकीट लागत नाही.

पायरी ९ : पहिला खेळ

मुंबईचा आंतरराष्ट्रीय माहितीपट महोत्सव १९९० पासून भरतोय. प्रवेशिका जरूर पाठवा. पण पहिला खेळ तिथे नको. तो कोळीवाड्यात, जून-जुलैच्या बंदीत, बोटी वर ओढलेल्या असताना आणि माणसं घरी असताना करा. समाजमंदिर, भिंतीला पांढरी चादर, भाड्याचा प्रोजेक्टर.

पहिली दहा मिनिटं सगळे आपापले चेहरे शोधतील आणि हसतील. मग शांतता पसरली तर घाबरू नका. आणि “वा, छान काढलंय” असं कुणी म्हणालं तर मात्र घाबरा, कारण पाहुण्याला असंच म्हणतात. खरी परीक्षा मध्यावर होते. मागून कुणीतरी ओरडेल की त्या दिवशी जाळं उशिरा उचललं म्हणून माल गेला. तांडेल म्हणेल, उशिरा नव्हतं, ओढ होती. तिसरा डिझेलच्या पावतीवर येईल, चौथी बाई लिलावात मिळालेल्या भावावर, आणि पडद्याकडे कुणाचंच लक्ष राहणार नाही.

प्रोजेक्टर चालू राहू द्या, दिवे लावू नका, मध्ये पडू नका. कॅमेऱ्यात जागा आहे का तेवढं बघा आणि तांडेलाच्या बाजूने एक पाऊल मागे सरून उभे राहा.